रक्त दिलं, पण रिपोर्ट कुठाय?

(गटाच्या मैत्रिणींनी सामुदायिक रेडिओवर केलेलं भाषण)

वावरातून येऊन चूल पेटवता पेटवता ऐकत असाल, तर हात चालू द्या, कान तेवढा इकडे द्या. आज आम्ही गटाच्या पाचजणी मिळून रक्ताच्या तपासणीबद्दल बोलणार आहोत. आमच्यात एक आशाताई आहे, एक अंगणवाडीची मदतनीस आहे, एक शिवणकाम करते आणि दोघी रोजमजुरीला जातात. डॉक्टर कोणीच नाही. म्हणून जे बोलणार ते आधी उपकेंद्रातल्या सिस्टरना वाचून दाखवलं, आणि त्यांनी जिथं दुरुस्त केलं तिथं दुरुस्त केलं.

सुरुवात आमच्याच चुकीपासून करतो.

दोन वर्षांपूर्वी पोळा झाल्यावर आम्ही गावात रक्ततपासणीचं शिबिर ठेवलं होतं. ६२ बायांनी रक्त दिलं. फोटो निघाले, चहा-बिस्कीट झालं, सगळ्यांनी आमचं कौतुक केलं. पाच-सहा दिवसांनी रिपोर्टांचा गठ्ठा आमच्या हाती आला. पुढच्या बैठकीत वाटू म्हणून आम्ही तो समाजमंदिराच्या कपाटात ठेवला. मग सोयाबीन काढायला आलं, मग दिवाळी, मग कापसाची वेचणी. बैठक काही झाली नाही.

मार्गशीर्षात आमच्यातल्या एक वहिनी कापूस वेचता वेचता वावरातच पडल्या. ओटीतला कापूस सांडला आणि त्या तिथंच बसल्या, उठता येईना. मोठ्या दवाखान्यात नेलं. हिमोग्लोबिन निघालं ६.४. डॉक्टरांनी विचारलं, "आधी कधी तपासलं होतं का?" वहिनी म्हणाल्या, "हो, शिबिरात तपासलं. पण रिपोर्ट आला नाही, म्हणजे सगळं चांगलंच असेल."

आम्ही घरी येऊन कपाट उघडलं. त्यांचा कागद गठ्ठ्यात होता. त्यावर आकडा होता ७.१. म्हणजे पोळ्यापासून आम्हाला माहीत असायला पाहिजे होतं. वहिनींनी त्यांचं काम केलं होतं, आमचं राहिलं होतं.

वहिनींना रक्त चढवावं लागलं. आता त्या बऱ्या आहेत, आणि हे त्यांना विचारूनच सांगतो आहोत. त्यांनीच सांगितलं, "माझं नाव नका घेऊ, पण गोष्ट सांगा." म्हणून आजच्या बोलण्यातलं एकच वाक्य ध्यानात राहिलं तरी चालेल: रिपोर्ट आला नाही म्हणजे सगळं चांगलं आहे, असं समजू नका. रिपोर्ट आला नाही म्हणजे तपासणी अर्धीच झाली.

आता पहिल्यापासून बघू.

रक्त किती काढतात?

पुष्कळ बायांना वाटतं, रक्त काढलं की अशक्तपणा येतो. आपल्या अंगात साधारण साडेचार ते पाच लिटर रक्त असतं. तपासणीला एका नळीत दोन ते पाच मिली घेतात. तीन नळ्या भरल्या तरी दोन-तीन चमचेच झाले. तेवढं अंग लवकर भरून काढतं. नळ्यांची झाकणं वेगवेगळ्या रंगाची असतात, त्याला घाबरू नका. जांभळ्या झाकणाची नळी हिमोग्लोबिन आणि पेशी मोजायला, करड्या झाकणाची साखरेला, लाल किंवा पिवळ्या झाकणाची किडनी, लिव्हर, थायरॉइड अशा तपासण्यांना. नळीत आधीच वेगळं औषध घातलेलं असतं, म्हणून एकाच नळीत सगळं होत नाही.

उपाशीपोटी म्हणजे उपास नाही

हे आम्ही हसत सांगतो, पण खरं आहे. आमच्या शिबिरात तिघी-चौघी सकाळी साबुदाण्याची उसळ आणि केळं खाऊन आल्या होत्या. "उपाशी या म्हटलं होतं ना, उपासाचंच खाल्लं!" बायांनो, साबुदाणा, शेंगदाणा, केळं, राजगिऱ्याचा लाडू, सगळ्याने रक्तातली साखर वाढते. उपाशीपोटी म्हणजे आदल्या रात्री जेवल्यानंतर आठ ते दहा तास काहीच खायचं नाही. बिनसाखरेचा चहासुद्धा नाही. मिसरी नाही, तंबाखू नाही. साधं पाणी मात्र खुशाल प्या. पाणी प्यायलं तर शीर सापडायला सोपं जातं, सुई दोनदा टोचावी लागत नाही.

पण सगळ्याच तपासण्यांना उपाशी राहावं लागत नाही. नुसतं हिमोग्लोबिन, रक्तगट किंवा सिकलसेल तपासायचं असेल तर जेवून गेलं तरी चालतं. म्हणून आदल्या दिवशी विचारून घ्या: "उपाशी यायचं की जेवून?" उगाच पोटात काही नसताना रांगेत चक्कर येऊन पडू नका. रोजच्या गोळ्या चालू असतील तर त्या सकाळी घ्यायच्या की नाही, हेही तेव्हाच विचारा. आपल्या मनाने बंद करू नका. आणि साखरेची गोळी किंवा इन्सुलिन घेणाऱ्यांनी तर उपाशी राहण्याआधी नक्कीच विचारायचं.

रक्त देताना

सैल बाहीचा ब्लाउज घाला. सुई बघवत नसेल तर तोंड फिरवा, आमच्यातल्या दोघी तसंच करतात. पूर्वी कधी रक्त देताना चक्कर आली असेल तर आधीच सांगा, आडवं झोपवून घेतील. सुई आणि सिरिंज नवीन पाकिटातून काढली की नाही, हे बघायचा आपल्याला हक्क आहे.

सगळ्यात महत्त्वाचं, नळीवरचं नाव. एकाच भावकीत एकाच नावाच्या दोघी-तिघी असतात. आधारकार्डावर माहेरचं नाव, गावात सासरचं, घरात तिसरंच. त्यात अदलाबदल झाली तर एकीचा आजार दुसरीच्या पदरात पडतो. म्हणून नाव, नवऱ्याचं किंवा वडिलांचं नाव, वय आणि फोन नंबर लिहिताना आपण स्वतः सांगायचं. वाचता येत असेल तर वाचायचं, नाही तर "वाचून दाखवा" म्हणायचं. फोन नंबर घरातल्या त्याच माणसाचा द्या जो तुम्हाला निरोप नक्की सांगेल.

रक्त घेतल्यावर कापूस तीन ते पाच मिनिटं दाबून धरा आणि हात सरळ ठेवा. चोळू नका. नंतर निळा डाग पडला तर भिऊ नका, काही दिवसांत जातो. त्या दिवशी त्या हाताने भरलेली कळशी उचलू नका.

आणि निघायच्या आधी तीन प्रश्न विचारा: रिपोर्ट कधी मिळेल? कुठे मिळेल? आणि तो मला समजावून कोण सांगेल? आम्ही त्या शिबिरात हे तीन प्रश्न विचारले असते, तर कपाटाची गोष्ट घडली नसती.

रिपोर्ट कसा बघायचा?

रिपोर्ट बहुतेक इंग्रजीत असतो. पण आकडे तर आपण बाजारात रोज बघतो. बहुतेक रिपोर्टांवर एका ओळीत चार गोष्टी असतात. तपासणीचं नाव, तुमचा आकडा, त्याचं माप, आणि शेवटी साधारण आकडा किती ते किती असावा ते. तुमचा आकडा त्या दोन आकड्यांच्या मधे आहे का, एवढं आधी बघा. कमी किंवा जास्त असला तर तो ठळक छापतात किंवा बाजूला खूण करतात.

पण एक खूण दिसली म्हणून रडत बसायचं नाही. ही हद्द कशी ठरवतात ते ऐका. पुष्कळ निरोगी माणसांचं रक्त तपासतात, आणि १०० मधल्या मधल्या ९५ जणांचे आकडे ज्या हद्दीत बसतात ती हद्द छापतात. म्हणजे शंभरातली पाच चांगली धडधाकट माणसंसुद्धा हद्दीच्या थोडी बाहेर असतात. वीस-वीस तपासण्यांच्या कागदात एखादा आकडा जरासा इकडे-तिकडे असणं नवलाचं नाही. किती बाहेर आहे, त्रास काय होतो, मागच्या वेळी किती होता, हे बघून डॉक्टर ठरवतात. उलट, सगळं हद्दीत आहे पण अंगावरून फार जातं, वजन उतरतंय, दम लागतोय, तरी डॉक्टरांना सांगायचंच. कागद चांगला आला म्हणून दुखणं खोटं ठरत नाही.

हिमोग्लोबिन

बाईचं हिमोग्लोबिन १२ किंवा त्याहून जास्त असावं. गरोदर असेल तर ११ किंवा जास्त. गरोदर नसलेल्या बाईचं ८ च्या खाली आणि गरोदर बाईचं ७ च्या खाली गेलं, तर तो तीव्र रक्तक्षय. तिथं बीट आणि गूळ खाऊन वाट बघायची नाही, त्याच दिवशी दवाखाना गाठायचा.

सरकारने २०१९ ते २०२१ मध्ये देशभर केलेल्या कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयाच्या १०० बायांमागे ५७ जणींना रक्तक्षय निघाला. म्हणजे आपण एकट्या नाही. पण सगळ्यांनाच आहे म्हणून ते बरोबर आहे, असं होत नाही. "बाईच्या जातीला थकवा असायचाच," असं आपल्या सासवा म्हणत आल्या आणि आपणही म्हणतो. जिना चढताना छाती धडधडणं, पाय जड होणं, माती किंवा कच्चे तांदूळ खावेसे वाटणं, ही रक्त कमी असल्याची लक्षणं असू शकतात.

गोळ्या फुकट मिळतात. गरोदर बाईला चौथ्या महिन्यापासून रोज एक लोहाची गोळी, १८० दिवस, आणि बाळंतपणानंतर पुन्हा १८० दिवस. बाकीच्या बायांना आठवड्याला एक. रक्त कमी असेल तर डोस वेगळा असतो, तो सिस्टर किंवा डॉक्टर सांगतील. गोळी घेतली की शौचाला काळं होतं, त्याला घाबरून गोळी सोडू नका. मळमळत असेल तर रात्री जेवणानंतर घ्या. गोळीच्या आणि जेवणाच्या आगेमागे चहा नको, चहाने लोह अंगी लागत नाही. लिंबू पिळा, आवळा खा, त्याने जास्त लागतं. कॅल्शियमची गोळी आणि लोहाची गोळी एकत्र घ्यायची नाही, मधे दोन तास जाऊ द्या.

महिनाभराने पुन्हा तपासा. गोळी लागू पडत असेल तर आकडा साधारण एकाने वर सरकतो. सरकला नाही तर कारण शोधायला पाहिजे. पोटात जंत आहेत का? पाळीत फार जातं का? वहिनींचं तेच होतं. दर महिन्याला आठ-नऊ दिवस अंगावरून जायचं आणि त्या कोणाला सांगत नव्हत्या. भांड्याला भोक असेल तर वरून कितीही ओता, भरत नाही. आणि आकडा १२ झाला म्हणून गोळ्या लगेच थांबवू नका. अंगातला साठा भरायला आणखी काही महिने लागतात, किती ते विचारा.

साखर

उपाशीपोटी साखर १०० च्या खाली असली तर चांगली. १०० ते १२५ म्हणजे काठावर. १२६ किंवा जास्त आली तर मधुमेह असू शकतो. तीन महिन्यांच्या सरासरीची एक तपासणी असते, एचबीएवनसी. ती ५.७ च्या खाली चांगली, ६.५ पासून पुढे मधुमेह. त्रास काही नसेल तर एका आकड्यावर शिक्का मारत नाहीत, दुसऱ्यांदा तपासून खात्री करतात. आणि ज्यांना रक्तक्षय आहे किंवा सिकलसेल आहे त्यांची ही सरासरीची तपासणी चुकू शकते. म्हणून तसं असेल तर डॉक्टरांना आधी सांगा.

शिबिरात बोट टोचून जेवल्यावरची साखर बघतात. ती १४० किंवा वर गेली तर मधुमेह झालाच असं नाही, पण पुढची तपासणी करायला जायचंच. काठावरच्या बायांना आमचं सांगणं आहे: हीच वेळ हातात असते. चहातली साखर कमी करणं, भाताचा ढीग कमी करणं, पोटावरचं वजन उतरवणं, याने पुष्कळ जणींची साखर मागे फिरते.

गरोदरपणातल्या तपासण्या

गरोदर बाईला ७५ ग्रॅम ग्लुकोज पाण्यातून देतात आणि दोन तासांनी रक्त घेतात. १४० किंवा जास्त आलं तर गरोदरपणातला मधुमेह. पहिल्या भेटीत एकदा आणि २४ ते २८ आठवड्यांत पुन्हा एकदा ही तपासणी व्हायला पाहिजे. पाणी फार गोड लागतं, हळूहळू घ्या. अर्ध्या तासाच्या आत उलटी झाली तर सांगा, तपासणी दुसऱ्या दिवशी पुन्हा करतात.

रक्तगट निगेटिव्ह असेल तर नवऱ्याचाही रक्तगट तपासा. त्याचा पॉझिटिव्ह असेल तर बाळाचा पॉझिटिव्ह असू शकतो, आणि पुढच्या बाळाला धोका होऊ शकतो. त्यावर अँटी-डी नावाचं इंजेक्शन असतं. बाळ पॉझिटिव्ह निघालं तर ते बाळंतपणानंतर ७२ तासांच्या आत मिळायला पाहिजे. गर्भपात झाला तरी विचारायचं. एचआयव्ही, गरमी आणि काविळीची तपासणीही याच वेळी होते. ती सगळ्यांचीच करतात, कोणावर संशय म्हणून नाही. वेळेत कळलं तर बाळाला वाचवता येतं.

सिकलसेल आणि आमची दुसरी चूक

आपल्या विदर्भात सिकलसेल आहे हे सगळ्यांना माहीत आहे. २०२३ च्या जुलैपासून देशभर त्याची मोहीमही चालू आहे. रिपोर्टवर एएस लिहिलं असेल तर ती बाई वाहक आहे, आजारी नाही. ती वावरात राबते, तिचा संसार होतो, तिला औषध लागत नाही. एसएस असेल तर तो आजार, त्याला कायम उपचार लागतात, आणि त्या बाईने लोहाची गोळीसुद्धा डॉक्टरांना विचारूनच घ्यायची. नवरा-बायको दोघंही वाहक असतील तर दर गरोदरपणात बाळ आजारी निघायची शक्यता चारात एक. एकच वाहक असेल तर बाळाला हा एसएसचा आजार होत नाही, फार तर बाळ वाहक होतं. पण दुसऱ्याच्या रक्तात वेगळा काही दोष नाही ना, हे बघायला दोघांचीही तपासणी हवी.

कपाटाची चूक सुधारायची म्हणून पुढच्या वर्षी आम्ही बैठकीत एकेकीचा रिपोर्ट मोठ्याने वाचला. आम्हाला वाटलं, आता कोणी मागे राहणार नाही. त्यात एका मुलीचा एएस होता. चार दिवसांत ती गोष्ट शेजारच्या गावात गेली आणि तिचं ठरत आलेलं लग्न मोडलं. तिची आई आमच्या दारात आली, भांडली नाही, एवढंच म्हणाली, "माझ्या पोरीला काही आजार नाही, आणि हे तुम्हाला माहीत होतं." आमच्याजवळ उत्तर नव्हतं.

तेव्हापासून आमचे नियम असे आहेत. रिपोर्ट बंद पाकिटात, जिचा तिच्याच हातात. समजावून सांगणं आशाताईच्या किंवा सिस्टरच्या समोर, एकेकीला. वहीत आकडे लिहायचे नाहीत. फक्त नाव आणि तीन खुणा: रक्त दिलं, रिपोर्ट मिळाला, समजावून झाला. शिबिराला आठ दिवस झाले आणि तिन्ही खुणा नसतील तर दोघीजणी तिच्या घरी जातात. कोणाला लगेच नेणं गरजेचं असेल, तर बैठकीची वाट बघायची नाही, गटाच्या निधीतून गाडीभाडं द्यायचं आणि निघायचं.

पॅकेजवाल्यांबद्दल

हल्ली शंभर तपासण्या स्वस्तात म्हणून गाड्या गावात येतात. बायांनो, जास्त तपासण्या म्हणजे जास्त आरोग्य नाही. तुमचं वय, तुमचा त्रास आणि घराण्यातले आजार बघून चार-पाच तपासण्या पुरतात, आणि त्यातल्या बऱ्याच प्राथमिक आरोग्य केंद्रात फुकट होतात. तिथं आधी विचारा. आणि जुने कागद फेकू नका. आमच्यातल्या एकीने रेशनकार्डाच्या पिशवीतच रिपोर्टांची पिशवी ठेवली आहे. या वर्षीचा आकडा मागच्या वर्षीच्या शेजारी ठेवला, की डॉक्टरांना पुष्कळ कळतं.

शेवटी एक सांगतो. वहिनी आता आमच्या वहीचं काम बघतात. तिसऱ्या खुणेचा रकाना त्यांनीच आखायला लावला. गेल्या शिबिरात ५८ जणींनी रक्त दिलं आणि ५८ खुणा पुऱ्या झाल्या. शेवटची खूण एका म्हाताऱ्या आजीची होती, ती लेकीकडे गेली होती. वहिनी दोन एसट्या बदलून तिथं गेल्या आणि पाकीट हातात देऊन आल्या.

तर बायांनो, उद्या सकाळी घरातला डबा, पिशवी, देवाच्या फोटोची मागची बाजू बघा. कुठं न वाचलेला रिपोर्ट असेल तर तो घेऊन उपकेंद्रात जा. आणि रक्त देऊन कागदच आला नसेल, तर जिथं दिलं तिथं जाऊन विचारा, "माझा रिपोर्ट कुठाय?" विचारायला लाजू नका, रक्त आपलं आहे.